दिवाणखाना आणि मोटार : पायोनियर कंपनीचा जमाखर्च

कोणत्याही घराण्याचा इतिहास लिहावयाचा झाल्यास बखरीआधी त्याच्या वह्या पाहाव्यात, असे आमचे मत राज्य शासनाच्या वित्त खात्यात उमेदीची वर्षे काढल्यामुळे बनले आहे. बखरीत पराक्रम सापडतो. तो कोणाच्या पैशाने झाला हे वह्यांतच सापडते. पेशवे दफ्तरातील हिशेबी कागदांनी इतिहासकारांना जे दिले ते केवळ बखरींवर विसंबून मिळाले नसते, हे आपण जाणतोच. हाच न्याय व्यापारी कंपन्यांना लावावा, असे आम्हांस बरेच दिवस वाटत होते. त्यासाठी आम्ही जपानमधील पायोनियर ही कंपनी निवडली आहे.

हे नाव आपल्या वाचकांपैकी पुष्कळांच्या घरांत येऊन गेले असेल. सत्तर-ऐंशीच्या दशकांत आखाती देशांत नोकरीस गेलेली मंडळी सुटीवर परतताना टेपडेक, ॲम्प्लिफायर, स्पीकरच्या जोड्या बरोबर आणीत. गोव्यात आणि किनारपट्टीच्या गावांत अशी घरे बरीच होती. पायोनियर, अकाई, सान्सुई, केनवुड ही नावे त्या काळी घरातील मुलांना पाठ असत. पुढे हेच पायोनियरचे नाव मोटारीच्या डॅशबोर्डवर दिसू लागले. दिवाणखान्यातील पायोनियर आणि मोटारीतील पायोनियर ही एकाच कंपनीची दोन अंगे. परंतु हिशेबाच्या वहीत त्यांचे नशीब फार वेगळे निघाले. एक अंग मिरवीत राहिले आणि दुसरे त्याचा खर्च पुरवीत राहिले. हे कसे घडले आणि अखेरीस त्याची किंमत कोणी मोजली, एवढेच आम्हांस सांगावयाचे आहे.

कंपनीचा संस्थापक नोझोमु मात्सुमोतो हा १९०५ सालचा, एका ख्रिस्ती धर्मप्रसारकाचा मुलगा. परदेशी बनावटीच्या डायनॅमिक स्पीकरचा आवाज ऐकून तो भारावला आणि असा स्पीकर जपानमध्ये आपणच करावा, या ध्यासाने त्याने १९३७ साली ‘ए-८’ नावाचा स्पीकर सिद्ध केला. दुसऱ्या वर्षी, १९३८ साली, त्याने टोकियोत स्वतःचा कारखाना काढला. कारखान्याच्या नावातला पहिला शब्द ‘फुकुइन’, म्हणजे शुभवार्ता. ‘पायोनियर’ ही मुद्रा स्पीकरवर उमटत असे. कंपनीचेच नाव पायोनियर झाले ते १९६१ साली. स्वरकाटा आणि विद्युतरोध मोजण्याच्या ओहम या एककाचे चिन्ह ही दोन मिळून तिचे जुने बोधचिन्ह झाले होते. संगीत आणि वीज यांचा असा संयोग आम्हांस तरी फार समर्पक वाटतो.

युद्धोत्तर जपानमध्ये माणसाच्या हाती पैसा आला तसा घरात संगीत ऐकण्याचा छंद वाढला. तोपर्यंत रेडिओग्राम म्हणजे एकच मोठे लाकडी कपाट असे. आत तबकडी, रेडिओ, स्पीकर सारे काही. १९६२ साली पायोनियरने हे कपाट फोडून स्पीकर वेगळे, ॲम्प्लिफायर वेगळा, तबकडीचे यंत्र वेगळे अशी सुटी मांडणी बाजारात आणली. याचा व्यापारी अर्थ असा, की गिऱ्हाईक आता एकदाच खरेदी करून थांबत नसे. यंदा स्पीकर बदल, पुढल्या वर्षी ॲम्प्लिफायर बदल, असा तो कंपनीशी आयुष्यभर बांधला जाई. सत्तरच्या दशकात अमेरिकेत या छंदाने कळस गाठला. प्रत्येक कंपनी आपला रिसीव्हर अधिक शक्तीचा करू लागली आणि १९७८ साली पायोनियरने ‘एसएक्स-१९८०’ हा प्रत्येक बाजूस २७० वॉट शक्तीचा रिसीव्हर काढला. साध्या घरातल्या खोलीला याच्या दशांश शक्तीही पुरते; पण दिवाणखान्यात गरजेपेक्षा जास्त असणे हाच तर दिवाणखान्याचा नियम. पुढे जे घडले त्याचे मूळ आम्हांस येथे दिसते. आपण बाजारात सर्वांत भारी वस्तू करणारे आहोत, ही या कंपनीची स्वतःविषयीची समजूत या काळात घट्ट झाली.

मोटारीचा धंदा मात्र कमी गाजावाजाने उभा राहिला. १९७५ साली पायोनियरने घरातल्यासारखीच सुटी मांडणी मोटारीत आणली. टेप वेगळा, ॲम्प्लिफायर वेगळा, स्पीकर वेगळे. १९८४ साली मोटारीत बसणारा पहिला सीडी प्लेअर तिनेच काढला. १९९० साली उपग्रहांच्या आधाराने रस्ता दाखवणारे यंत्र सामान्य ग्राहकाच्या मोटारीसाठी आणले, तेव्हा अमेरिकेची ती उपग्रहयोजना पूर्णही झालेली नव्हती. ती पूर्णत्वास गेली १९९५ साली.

या धंद्याचे अर्थकारण थोडे उलगडून सांगितले पाहिजे, कारण पुढचा सारा हिशेब त्यावर उभा आहे. मोटारीतील संगीतयंत्र दोन मार्गांनी विकले जाते. एक, मोटार कारखान्यातून निघतानाच ते बसवलेले असते; तेथे गिऱ्हाईक म्हणजे मोटारकंपनी, आणि ती भाव पाडून घेते, करार दोन-तीन वर्षे आधी करते, नमुन्यात वारंवार बदल सांगते. दुसरा मार्ग म्हणजे मोटार घेतल्यानंतर मालकाने दुकानात जाऊन आपल्या पसंतीचे यंत्र बसवून घेणे. यात नफा अधिक. हा दुसरा मार्ग शक्य झाला तो एका साध्या खाचेमुळे. जर्मन मानकसंस्थेने ठरवलेली ही खाच अठरा सेंटिमीटर रुंद आणि पाच सेंटिमीटर उंच असे, आणि जगभरच्या मोटारकंपन्यांनी ती पुढे स्वीकारली. खाच एका मापाची असल्याने कोणत्याही मोटारीतले यंत्र काढून त्या जागी पायोनियर बसवता येई. आपल्याकडेही मोटारीत कारागिराने दुपारभरात टेप बसवून द्यावा, ही गोष्ट या खाचेमुळेच सोपी झाली. एका कंपनीच्या कैक वर्षांच्या नफ्याचा आधार म्हणजे दुसऱ्याच्या डॅशबोर्डमधले एक भोक, हे म्हटले तर विनोदी आहे. पण अनेक धंदे असेच उभे असतात.

दिवाणखान्याकडे परत येऊ. १९८० साली पायोनियरने अमेरिकेत घरगुती लेझरडिस्क प्लेअर आणला. तीस सेंटिमीटरच्या चकचकीत तबकडीवर चित्रपट, आणि चित्र व्हिडिओ कॅसेटपेक्षा पुष्कळ स्वच्छ. परंतु कॅसेटवर घरी चित्रमुद्रण करता येई, या तबकडीवर ते येत नसे. शिवाय ती महाग. सामान्य गिऱ्हाइकाने कॅसेट पत्करली. तरीही हे तंत्र तगले, कारण १९८२ पासून पायोनियरने त्याचा उपयोग जपानी मद्यगृहांतील कराओकेसाठी केला. हवे ते गाणे तबकडीवर क्षणात काढता येई, कॅसेटसारखी फीत मागेपुढे फिरवावी लागत नसे. घरासाठी केलेली वस्तू घराबाहेरच्या धंद्याने जगवली, ही गोष्ट वहीत नोंदवून ठेवण्याजोगी आहे. दुसरी त्याहून महत्त्वाची नोंद १९८९ सालची. एमसीए व आयबीएम या अमेरिकी कंपन्यांच्या मालकीची ‘डिस्कोव्हिजन असोसिएट्स’ ही संस्था पायोनियरने सुमारे २० कोटी डॉलरला घेतली. तिच्याकडे कारखाना असा नव्हता, मालमत्ता होती ती प्रकाशकिरणाने वाचल्या जाणाऱ्या तबकड्यांच्या पेटंटांची. पुढे जगात जितक्या सीडी आणि डीव्हीडी निघाल्या, त्यांच्या उत्पादकांकडून या पेटंटांपोटी मानधन येऊ लागले. ज्या लेझरडिस्कने दुकानात फारसे दिले नाही, तिच्या मागच्या कल्पनांनी घरबसल्या उत्पन्न दिले.

नव्वदचे दशक जपानला कठीण गेले. एक डॉलरला १९८५ च्या सुमारास दोनशे चाळीस येन मिळत, ते एप्रिल १९९५ मध्ये ऐंशीच्याही खाली आले. निर्यातीवर जगणाऱ्या कंपनीचे हाती येणारे उत्पन्न माल तितकाच विकूनही आटले. जानेवारी १९९३ मध्ये पायोनियरने आपल्या पस्तीस व्यवस्थापकांना नोकरी सोडण्यास सांगितले आणि त्याने सारा जपान हादरला. हजारोंच्या कपातीच्या बातम्या आज आपण चहा घेताना वाचतो. तेथे त्या काळी पस्तीस हा आकडा पुरेसा होता, कारण नोकरी जन्माची असते हा तेथील मध्यमवर्गाचा विश्वास होता. शासकीय नोकरीत पेन्शनीपर्यंत पोचलेल्या आमच्यासारख्यास त्या पस्तीस जणांची अवस्था समजायला फार कल्पनाशक्ती लागत नाही.

आता मुख्य वहीकडे. या शतकाच्या आरंभीच्या वर्षांत पायोनियरचा वार्षिक अहवाल चार खात्यांत मांडलेला असे: घरगुती उपकरणे, मोटारीतील उपकरणे, पेटंटांचे मानधन आणि इतर. (जपानी कंपन्यांचे हिशेबी वर्षही बहुधा आपल्यासारखेच ३१ मार्चला संपते, त्यामुळे आपल्याला हे अहवाल वाचताना परकेपणा वाटत नाही.) घर आणि मोटार ही दोन खाती विक्रीच्या दृष्टीने साधारण तोलामोलाची. पेटंटांचे खाते विक्रीने अगदी लहान, पण जे येई ते जवळजवळ सारा नफाच. मोटारीचे खाते वर्षानुवर्षे शांतपणे नफा दाखवणारे. घराचे खाते मात्र कधी नफ्यात, कधी तोट्यात, आणि भांडवलाची मागणी सर्वांत मोठी. हिशेब तपासणारा कोणीही सामान्य माणूस येथे पेन्सिलीने खूण करून थांबला असता. कंपनी मात्र थांबली नाही.

कारण होते प्लाझ्मा दूरचित्रवाणी संच. १९९७ साली पायोनियरने पन्नास इंची प्लाझ्मा संच ग्राहकांसाठी बाजारात आणला होता आणि पातळ, भिंतीवर टांगण्याजोग्या पडद्याच्या त्या नव्या युगात आपण अग्रभागी आहोत, अशी तिची खात्री होती. या पडद्यात निऑन आणि झेनॉन या वायूंच्या लाखो सूक्ष्म कोठड्या असतात. प्रत्येक कोठडी विजेने स्वतः उजळते आणि स्वतः विझते. एलसीडी पडद्यात मागे दिवा सतत जळत असतो आणि पुढची झडप तो अडवते. झडप पूर्ण मिटत नाही म्हणून काळा रंग राखाडी दिसतो. प्लाझ्मात अंधार पुष्कळ खरा होता. पण पडद्याची काच करणारा कारखाना ही फार खर्चिक गोष्ट. कारखाना एकदा उभारला, की माल विकला जावो वा न जावो, त्याचा घसारा दरवर्षी वहीत पडतो. आणि पडद्यांचे भाव दरवर्षी झपाट्याने कोसळत होते. मात्सुशिता, सॅमसंग, एलजी यांच्याजवळ अवाढव्य कारखाने होते. पायोनियर त्यांच्या मानाने लहान. तरीही २००४ साली तिने एनईसी कंपनीचा प्लाझ्मा विभाग सुमारे ४,००० कोटी येनला विकत घेतला.

येथे थोडे विषयांतर करण्याची वाचकांनी मुभा द्यावी. ग्वाल्हेर, इंदूर, बडोदे येथील आपल्या जुन्या घराण्यांच्या वाड्यांत ज्यांनी बालपण घालवले आहे, त्यांना हा व्यवहार नवा वाटणार नाही. शेते दूरच्या खेड्यांत, उत्पन्न तिथून. आणि खर्च कुठे, तर दिवाणखान्यातील झुंबरावर, पडद्यांवर, सणासुदीच्या पंगतींवर. उत्पन्न देणाऱ्या जमिनीकडे कोणी फिरकत नसे. कारभारी वर्षातून एकदा येऊन आकडा सांगे. दिवाणखाना मात्र रोज झाडला जाई, कारण पाहुण्याला तो दिसे. त्या वडीलधाऱ्यांना आम्ही हसत नाही. घराण्याचे नाव दिवाणखान्यावरून चालते हे त्या काळी खोटे नव्हते. लग्नसंबंध, दरबारातील मान, सावकाराची पत या साऱ्या गोष्टी त्यावर ठरत. मेगुरो येथील मुख्यालयात बसलेल्या संचालकांनाही असेच वाटले असावे, की दूरचित्रवाणीतून बाहेर पडलेली कंपनी दुकानाच्या दर्शनी भागातून नाहीशी होते, आणि मग मोटारीतल्या टेपवरचे नावही फिके पडते. हा युक्तिवाद अगदीच पोकळ नव्हता. आमच्या मते त्यात उणीव होती ती एकच: दिवाणखान्यावर किती खर्च करावा याला त्यांनी कोठेही रेघ मारली नाही.

परिणाम लौकरच वहीत उतरला. मार्च २००५ ला संपलेल्या वर्षात निव्वळ तोटा आला, आणि मार्च २००६ च्या वर्षात तो सुमारे ८,५०० कोटी येनवर गेला. अध्यक्ष कानेओ इतो आणि संस्थापकाचे पुत्र, उपाध्यक्ष कान्या मात्सुमोतो या दोघांनीही जानेवारी २००६ मध्ये पद सोडले. याच काळात डीव्हीडीची यंत्रेही स्वस्त होत होत मातीमोल झाली होती. १९९९ साली घरगुती डीव्हीडी रेकॉर्डर पायोनियरनेच प्रथम आणला होता, पण पाच-सहा वर्षांत तो कोणीही करू लागला. पेटंटांच्या मुदती संपत आल्या आणि ते निवांत उत्पन्नही ओसरले. राहता राहिले मोटारीचे खाते. ते अजूनही नफ्यातच होते.

आणि मग, घर जळत असताना, या कंपनीने आपली सर्वोत्तम कृती केली. २००७ साली तिने ‘कुरो’ नावाचे प्लाझ्मा संच बाजारात आणले. जपानी भाषेत कुरो म्हणजे काळा. काळोख्या खोलीत पडद्यावर रात्रीचे दृश्य आले, तर पडदा कोठे संपतो आणि खोली कोठे सुरू होते ते कळू नये, इतका खरा काळा रंग तिच्या अभियंत्यांनी साधला. २००८ च्या सुधारित आवृत्तीने त्यावरही मात केली. जाणकारांनी या संचांना आजवरच्या सर्वोत्तमांत गणले, आणि उत्पादन थांबल्यावर कित्येक वर्षे नव्या संचांची तुलना कुरोशी होत राहिली. केवळ हलका माल करून बुडालेल्या कंपन्यांच्या कथा पुष्कळ आहेत. त्या वाचून वाईट वाटत नाही. पायोनियरची कथा लिहिताना हात अडखळतो तो येथे. गिऱ्हाइकाला दुकानाच्या झगझगीत उजेडात अस्सल काळा आणि राखाडी काळा यांतला फरक दिसत नव्हता. दिसत होता तो किमतीतला फरक. अंधार पाहण्यासाठी जे दाम मोजावे लागत होते, ते मोजणारे रसिक मूठभर निघाले.

सप्टेंबर २००७ मध्ये शार्प कंपनीशी करार झाला. शार्पने एका समभागास १,३८५ येन या भावाने सुमारे १४ टक्के हिस्सा घेतला आणि ती पायोनियरची सर्वांत मोठी भागधारक बनली. मार्च २००८ मध्ये पायोनियरने स्वतः प्लाझ्मा पडदे करणे थांबवून ते मात्सुशिताकडून घेण्याचे जाहीर केले. हे पाऊल बहुधा चार वर्षे आधी पडावयास हवे होते. आता मात्र वेळ उरली नव्हती, कारण त्याच वर्षी शरद ऋतूत अमेरिकेतील वित्तसंकट कोसळले आणि जगभर मोटारींची विक्री ठप्प झाली. इतकी वर्षे घराचा तोटा भरून काढणारे मोटारीचे खातेच तोट्यात गेले. यावर कोणी म्हणेल, की मग दोष संकटाचा, दिवाणखान्याचा नव्हे. आम्हांस ते पटत नाही. दुष्काळ सर्वांच्याच शेतावर पडतो. ज्याच्या कोठारात मागील वर्षांचे धान्य असते तो तरून जातो. पायोनियरचे धान्य प्लाझ्माच्या भट्टीत गेले होते.

१२ फेब्रुवारी २००९ रोजी कंपनीने दूरचित्रवाणीच्या धंद्यातून पूर्णपणे बाहेर पडण्याचे आणि जगभरातून सुमारे दहा हजार जागा कमी करण्याचे जाहीर केले. त्यांत सुमारे चार हजार जण कंत्राटी होते. सोळा वर्षांपूर्वी पस्तीस जणांमुळे हादरलेला देश आता दहा हजारांचा आकडा ऐकत होता. मार्च २००८ च्या वर्षात सुमारे ७७,००० कोटी येनची असलेली विक्री एका वर्षात ५६,००० कोटींच्या आसपास आली आणि निव्वळ तोटा झाला १३,०५० कोटी येन, तेव्हाच्या दराने १३० कोटी डॉलरहून अधिक. पुढील वर्षी विक्री ४४,००० कोटींच्या घरात आणि तोटा ५,८३० कोटी. सलग सहा वर्षांचा एकत्रित तोटा सुमारे ३०,००० कोटी येन भरतो. होंडा या मोटारकंपनीने २५० कोटी येन भांडवल देऊन हात दिला. होंडा हे मोटारीच्या खात्याचे गिऱ्हाईक होते, हे लक्षात घ्यावे; संकटात धावून आलेला आप्त शेताकडचा होता. कंपनीने मेगुरो सोडले आणि ती कावासाकी येथे राहावयास गेली. लेझरडिस्क प्लेअरचे उत्पादन बंद करण्याची घोषणाही त्याच २००९ च्या जानेवारीतली.

मार्च २०११ च्या वर्षात सात वर्षांनी प्रथम नफा दिसला, आणि तो मोटारीच्या जोरावर. आता तरी कंपनीला श्वास घेता येईल असे वाटावे. परंतु कर्ज आणि नव्या मोटारयंत्रांच्या विकासाचा खर्च यांसाठी पैसा हवा होता, म्हणून घरातील एकेक वस्तू विक्रीस निघाली. २०१४ साली डीजे यंत्रांचा विभाग केकेआर या अमेरिकी गुंतवणूक संस्थेस सुमारे ५,९०० कोटी येनला विकण्याचे ठरले. (आपल्याकडे मिरवणुकांतील कानठळ्यांमुळे या शब्दाला जो अर्थ आला आहे तो येथे घेऊ नये, नृत्यगृहांत तबकड्या जुळवून वाजवणाऱ्या कलावंतांची ही यंत्रे. जगातील बहुतेक नामांकित नृत्यगृहांत ती पायोनियरचीच असत.) हा विभाग नफ्यात होता. पाठोपाठ घरगुती ध्वनियंत्रांचा विभाग ओन्क्यो कंपनीकडे गेला. मार्च २०१५ मध्ये ते हस्तांतर पुरे झाले. नोझोमु मात्सुमोतोच्या स्पीकरपासून सुरू झालेला दिवाणखाना अशा रीतीने रिकामा झाला आणि पायोनियर ही मुख्यत्वे मोटारीची कंपनी उरली. नफा देणारे नेमके तेवढे हाती राहिले, असे वरकरणी दिसते.

पण तोवर शेतही बदलले होते. ज्या खाचेवर सारा धंदा उभा होता ती खाचच मोटारींतून नाहीशी होऊ लागली. नव्या मोटारींत डॅशबोर्ड एकसंध, पडदा कारखान्यातूनच बसवलेला, आणि त्यातूनच हवा, दिवे, मागचा कॅमेरा सारे चालवायचे. तो काढून दुसरा बसवणे दुकानदाराच्या हाताबाहेर. रस्ता दाखवण्याचे काम प्रत्येकाच्या खिशातील मोबाइल फुकटात करू लागला. तेव्हा पायोनियरला मोटारकंपन्यांच्या दाराशी जावे लागले, जेथे भाव दुसऱ्याने ठरवायचा आणि संगणकीय आज्ञावलीचा खर्च आपण सोसायचा. हा खर्च अंदाजाबाहेर गेला. मार्च २०१८ च्या वर्षात पुन्हा सुमारे ७१० कोटी येन निव्वळ तोटा आला. त्या वर्षीच्या डिसेंबरात बेअरिंग प्रायव्हेट इक्विटी एशिया या हाँगकाँगच्या संस्थेशी सुमारे १०,२०० कोटी येनचा करार झाला. जुन्या भागधारकांच्या हातावर एका समभागामागे ६६ येन १० सेन ठेवण्यात आले, म्हणजे शार्पने अकरा वर्षांपूर्वी मोजलेल्या भावाच्या पाच टक्क्यांहूनही कमी. सोबत आणखी सुमारे तीन हजार जागांची कपात. मार्च २०१९ मध्ये टोकियो शेअर बाजाराच्या पाटीवरून पायोनियरचे नाव उतरले.

तुलनेसाठी एक उदाहरण पाहण्यासारखे आहे. अमेरिकेतील हर्मन कंपनीचा आरंभही दिवाणखान्यातच झाला. सिडनी हर्मन आणि बर्नार्ड कार्डन यांनी १९५३ साली ती काढली, ती घरगुती रिसीव्हरसाठी. पुढे जेबीएल, इन्फिनिटी अशी घरगुती संगीताची नामवंत घराणी तिने जोडली, पण त्यांची नावे तिने मोटारकारखान्यांच्या दारी नेली, आणि निम्म्याहून अधिक विक्री मोटारीतून येऊ लागली. तिच्याही वाट्याला २००९ चा तोटा आला. दिनेश पालीवाल या भारतीय वंशाच्या प्रमुखाने तिला सावरले आणि २०१७ साली सॅमसंगने ती सुमारे ८०० कोटी डॉलर देऊन घेतली. हर्मनने दूरचित्रवाणीचा कारखाना कधी काढला नाही. याउलट सान्सुईची कथा: ती जपानमध्ये विझत गेली, पण तिचे नाव आपल्याकडे औरंगाबादच्या व्हिडिओकॉन समूहाच्या संचांवर कितीतरी वर्षे चमकत होते. जुन्या घराण्यांची आडनावे अशीच कारखान्याच्या पाट्यांवर उरतात.

पायोनियरच्या दिवाणखान्याचे पुढे काय झाले, तेही नोंदवले पाहिजे. तो घेणाऱ्या ओन्क्यो कंपनीने मे २०२२ मध्ये ओसाका येथील न्यायालयात दिवाळखोरीचा अर्ज केला. डीजे यंत्रांचा विभाग केकेआरकडून २०२० साली नोरित्सु कोकी या जपानी कंपनीकडे गेला आणि ‘अल्फाथीटा’ या नावाने चालू राहिला. मोटारीची पायोनियर बेअरिंगपाठोपाठ, ती संस्था २०२२ साली स्वीडनच्या ईक्यूटीत विलीन झाल्यामुळे, नव्या मालकाकडे आली. २०२५ च्या जूनमध्ये ती १६,३६० कोटी येनला विकण्याचा करार जाहीर झाला. घेणारी कंपनी कार-यूएक्स ही तैवानच्या इनोलक्स समूहातली. आणि इनोलक्सचा मूळ धंदा दूरचित्रवाणी व संगणकांसाठी पडदे करण्याचा.